रात्री दहानंतर येणाऱ्या निरोपास

नमस्कार घालत नाही. तूही घालत नाहीस. 'प्रिय पालक' एवढं म्हणतोस आणि सरळ अंगावर येतोस.

हे पत्र जाहीर लिहिते आहे, कारण तू काही एकट्या माझ्या घरी येत नाहीस. नवीन पनवेल, खांदा कॉलनी, कामोठे, कळंबोली, खारघर, जिथे म्हणून शाळेत जाणारं मूल आणि चार्जिंगला लावलेला फोन आहे, तिथे तुझी वर्दळ असते. वेळही तू हेरून काढलेली असतेस. भांडी घासून झालेली, ओटा पुसलेला, सकाळची भाजी निवडून डब्यात भरलेली, मुलं एकदाची आडवी झालेली. दुकानांची शटर खाली आलेली. आता या घरातल्या बाईला काहीही मिळणार नाही याची खात्री झाली की तू टुणकन वाजतोस.

सोमवारी, १६ फेब्रुवारीला, तू दहा वाजून वीस मिनिटांनी आलास. उद्या आद्य क्रांतिवीर वासुदेव बळवंत फडके यांची पुण्यतिथी, त्यानिमित्त पहिली ते चौथीच्या विद्यार्थ्यांनी त्यांची वेशभूषा करून यावे, चार ओळी पाठ करून घ्याव्यात, धन्यवाद. खाली जोडलेले दोन हात.

अरे, फडके १७ फेब्रुवारीला गेले ते १८८३ साली. ती तारीख कुणी ऐनवेळी जाहीर केलेली नाही. दिनदर्शिकेत ती जानेवारीपासून भिंतीवर टांगलेली आहे. शिरढोण इथून हाकेच्या अंतरावर, त्यांचं जन्मघर तिथे, आमच्या पनवेलच्या नाट्यगृहाला त्यांचं नाव. पनवेलमध्ये राहून फडक्यांची पुण्यतिथी ज्याला आदल्या रात्री दहा वाजता आठवते, त्यानं 'धन्यवाद' म्हणू नये, माफी मागावी.

आणि तू बोलतोस कुणाशी? म्हणायला 'पालक'. आमच्या वर्गाच्या ग्रुपमध्ये बाबा लोकही आहेत. माझा नवरा आहे. तू आलास तेव्हा त्याचाही फोन वाजला. त्यानं पाहिलं, 'अगं, शाळेचं काहीतरी आलंय' असं मला सांगितलं आणि फोन उपडा ठेवला. माझा नवरा चांगला माणूस आहे, सांगितलेलं सगळं करतो. पण तुझ्यासारखे निरोप आपल्यालाही असतात हे त्याला कुणी लहानपणापासून सांगितलेलं नाही. केंद्र सरकारनं २०२४ मध्ये देशभर वेळेच्या वापराची पाहणी केली. घरकाम करणाऱ्या बायकांची दिवसाला २८९ मिनिटं त्यात जातात, घरकाम करणाऱ्या पुरुषांची ८८. मुलाबाळांचं, म्हाताऱ्यांचं पाहण्यात बायकांची आणखी १३७ आणि पुरुषांची ७५. ही बिनपगारी मिनिटं. रात्री साडेदहाला धोतर शोधणं कोणत्या रकान्यात धरतात, ते मला त्या पाहणी करणाऱ्यांना विचारायचं आहे.

तुझ्यामुळे ग्रुपवर जो गोंधळ माजला तो तू पाहिलास का? तू तर दोन हात जोडून मोकळा झालास. मी सांगते. तीन मिनिटांत एका आईनं विचारलं, "कुणाकडे छोटं धोतर आहे?" दुसरी म्हणाली, "आमच्याकडे फक्त शिवाजी महाराज तयार आहेत, १९ तारखेसाठी इस्त्री करून ठेवलेत." तिसरीनं गुगलवरून फोटो टाकला, तो भलत्याच क्रांतिकारकाचा निघाला. एकीनं ब्लाउजपीसचा फेटा बांधायचा व्हिडिओ पाठवला, तो पाहायला अकरा मिनिटं हवीत. एक बाबा, त्यांचं कौतुक की ते जागे होते, त्यांनी लिहिलं, "वासुदेवाची मोरपिसांची टोपी आमच्याकडे आहे, गेल्या वर्षीच्या गॅदरिंगची. मिटला प्रश्न." कुणी काही समजावायच्या आत ते झोपायला गेले.

मी हसले. पलंगाच्या कडेला बसून, हातात सासऱ्यांचं जुनं उपरणं घेऊन, पोट धरून हसले. त्या हसण्याबद्दल मला पुढे बोलायचंच आहे.

सासूबाईंचं माहेर शिरढोणच्याच परिसरातल्या आपट्याचं. फडक्यांचं नाव निघालं तशा त्या उठूनच बसल्या. आदल्या दिवशीचा महाशिवरात्रीचा उपास त्यांना सोसला नव्हता, तरी बसल्या. मुलाला जवळ घेऊन त्यांनी सुरुवात केली ती थेट कर्नाळ्यापासून. फडक्यांचे आजोबा कर्नाळ्याचे किल्लेदार, इंग्रज आले तेव्हा त्यांनी किल्ला लढवला. मग नातू पुण्यात लष्कराच्या हिशेब खात्यात नोकरीला. आई फार आजारी असल्याचा निरोप आला. त्यांनी रजा मागितली. साहेबानं दिली नाही. ते तसेच निघाले, पण पोचेपर्यंत आई गेलेली होती. पुढच्या वर्षी तिच्या श्राद्धासाठी रजा मागितली, तीही नाकारली.

मुलगा इतका वेळ पाय हलवत होता, तो थांबला. म्हणाला, "आईला बघायला पण रजा नाही?"

"नाही."

"मग त्यांनी काय केलं?"

"बंड केलं," आजी म्हणाली.

बंडामागे दुष्काळ होता, इंग्रजांची लूट होती, रामोश्यांची फौज होती, हे सगळं आजीनं सांगितलं. पण आठ वर्षांच्या मुलाच्या डोक्यात रजा बसली ती बसलीच. आणि दुसरी गोष्ट बसली ती एडनच्या तुरुंगाची. फडक्यांनी तिथल्या कोठडीचं दार बिजागरीतून उखडून पळ काढला होता. पकडले गेले, पण दार उखडलं. हे ऐकल्यावर आमचे चिरंजीव उठले आणि न्हाणीघराच्या दाराला लोंबकळले. वरची बिजागरी ढिली आहे, हे घरात सगळ्यांना माहीत होतं. आता ती निघालेली आहे. सुताराचे पैसे कुणाकडे मागू, तेवढं सांग.

"एडनला आपल्या विमानतळावरून विमान जातं का?" हा त्याचा पुढचा प्रश्न. अकरा वाजून गेले होते. महाराष्ट्र सरकारनं फेब्रुवारी २०२४ मध्ये निर्णय काढला की चौथीपर्यंतच्या शाळा सकाळी ९ च्या आधी भरवू नयेत. मुलांची झोप होत नाही, असं तेव्हाच्या राज्यपालांनी बोलून दाखवलं होतं, त्यातून हे घडलं. बसवाल्यांनी कुरकुर केली, शाळांनी केली. आमची शाळा ९ ला भरते, मला तो निर्णय मनापासून पटलेला आहे. राज्यपाल, शिक्षण खातं, शासन निर्णय, एवढ्या सगळ्यांनी मिळून माझ्या मुलाला सकाळचा जो एक तास मिळवून दिला, तो तू एका ओळीत रात्रीच काढून घेतलास.

दाढी हा खरा प्रश्न होता. धोतराचं उपरण्यावर भागलं. अंगरख्याला सासऱ्यांची बंडी चालली, गुडघ्यापर्यंत आली तरी चालली. पण फडक्यांना दाढी हवीच, आणि काजळानं काढलेली दाढी हा मुलगा शाळेत पोचेपर्यंत शर्टाच्या बाहीला पुसून टाकतो, हे मला त्याची आई म्हणून ठाऊक आहे. सासूबाईंकडे काळ्या लोकरीचा गुंडा होता, धाकटीच्या टोपऱ्यातून उरलेला. कपाटात करोनाच्या वेळचे कापडी मास्क होते. मी मास्कला तोंडाच्या जागी भोक पाडलं, खालच्या कडेनं लोकरीचे पदर ओवले, एकेक गाठ मारून बोटभर लांबीवर कापले, वरून कंगवा फिरवला. कानाला अडकवायची सोय मास्कमध्ये होतीच. बारा वाजता ती दाढी तयार झाली आणि ती फार सुंदर झाली होती. हे मी अभिमानानं सांगते. तीन वर्षांच्या धाकटीनं ती पाहिली आणि घालून बसली. काढू देईना. दाढीसकट झोपली. तिच्या कानामागून ती अलगद काढताना नवरा म्हणाला, "हिचा फोटो काढून ठेव, लग्नात दाखवू," आणि आम्ही दोघं तोंडावर उशी दाबून हसलो.

लोकर चेपू नये म्हणून नवऱ्यानं दाढी स्टीलच्या डब्यात ठेवली. विचार अगदी योग्य होता. पण आमच्या घरात सारखे दोन डबे आहेत.

सकाळी मी नेहमीची लोकल पकडली. बायकांच्या डब्यात आमचा पनवेलपासूनचा घोळका ठरलेला. कुणी मटार सोलतं, कुणी पोथी वाचतं, कुणी उभ्याउभ्या डोळे मिटतं. खारघरला चढणारी मैत्रीण घरून काही न खाता निघते, म्हणून मी तिला दोन घास द्यायला डबा उघडला. आत भाकरी नव्हती. आत आद्य क्रांतिवीरांची दाढी होती.

क्षणभर कुणी काही बोललं नाही. मग बेलापूर येईपर्यंत आमचा डबा जो हसला, तो हसला. सीवूड्सला चढलेल्या बायकांना हसण्याचं कारण कळेना, त्यांना दाढी दाखवली, त्या हसायला लागल्या. एकीनं ती लावून पाहिली. पोथी वाचणाऱ्या काकूंनी पोथी मिटून पदर तोंडाला लावला. मी नवऱ्याला फोन केला. म्हटलं, "दाढी माझ्याकडे आली आहे." तो शाळेच्या वाटेवर. म्हणाला, "मग माझ्या हातात काय आहे?" "तुझ्या हातात माझी मेथीची भाजी आणि भाकरी." फोन स्पीकरवर होता. पुढचं सगळं त्या डब्यात बुडून गेलं.

आणि मग एकेक सुरू झाल्या. मानसरोवरची म्हणाली, तिला एकदा साडेदहाला कळलं की सकाळी 'पाण्याचे प्राणी' न्यायचेत. नवऱ्यानं बाजारातून जिवंत खेकडा आणला, तो रात्रभर मोरीत फिरत होता. एकीच्या मुलीला 'भाजीवाली' व्हायचं होतं; तिनं शाळेत खरी भाजी खऱ्या भावानं विकली आणि बाईंकडून पैसे आणले. एकीनं झोपेत असलेल्या मुलाचं माप घेऊन झाडाचा पोशाख शिवला, सकाळी मूल म्हणालं, मला झाड नाही व्हायचं, ढग व्हायचंय. पोथीवाल्या काकूंची मुलं आता तिशीत आहेत. त्यांच्या वेळी फोन नव्हते, पण मुलं झोपताना सांगायची, "आई, उद्या पतंगाचे कागद न्यायचेत." म्हणजे तू नवा नाहीस. तुझं खानदान जुनं आहे.

आता त्या हसण्याबद्दल. आमच्या सोसायटीत, नात्यात, अगदी शाळेच्या सभेतही एक वाक्य ऐकायला मिळतं: "मुलांचं बालपण आहे, हसतखेळत घ्यायचं." हे सांगणारा माणूस स्वतः रात्री बारा वाजता लोकरीला गाठी मारत नसतो. आम्ही हसतो ते आमचं आम्ही मिळवलेलं असतं. गाठ मारणाऱ्या हाताला ते सुचतं, डबा उघडणारीला ते सापडतं. मराठीत घरच्या गोंधळावर पुष्कळ विनोद लिहिला गेला. चिं. वि. जोशींचा चिमणराव तर घरोघरी पोचला, पुढे दूरदर्शनवरही आला. पण त्या घराची गोष्ट चिमणरावच सांगतो. मंगला गोडबोले यांच्यासारख्या लेखिकांनी ती बाईच्या बाजूनं सांगायला घेतली, तेव्हा माझ्यासारखीला पहिल्यांदा वाटलं की हे मला माहीत असलेलं घर आहे. आईवर आपण रडतो, तिला देव्हाऱ्यात बसवतो, तिच्या त्यागावर भाषणं करतो. ती हसते किती आणि कशाला, हे मात्र फारसं कुणी टिपून ठेवत नाही. लोकलच्या त्या डब्यात ते रोज सांडतं. त्या हसण्याचा तू फायदा घेऊ नकोस. 'त्या काय, हसून घेतात' म्हणून तू आणखी उशिरा येणार असशील, तर ते हसू तुला दिलेली परवानगी नव्हे.

शाळेत काय झालं तेही ऐक. आमच्या मुलाच्या बाईंनी स्वतःच्या पर्समधलं काजळ काढून त्याला दाढी रंगवली. बाईंबद्दल माझ्या मनात राग नाही. त्यांच्याही घरी दुसरीतली मुलगी आहे. वरून सूचना त्यांनाही उशिराच येते, त्यात मतदार याद्या, निवडणुकीची कामं, अहवाल भरून देणं त्यांच्याच गळ्यात. तू येतोस तो त्यांच्या फोनवरून, पण तुझा उगम त्यांच्यापाशी नाही हे मला कळतं. म्हणूनच पत्र त्यांना लिहिलेलं नाही, तुला लिहिलं आहे.

रांगेत अनेक फडके होते. कुणी फेट्यातले, कुणी गांधीटोपीतले. एक जण महाराजांच्या पोशाखातला, जिरेटोप काढलेला. आणि त्यांच्यामध्ये मोरपिसांची टोपी घालून, हातात चिपळ्या घेऊन 'दान पावलं' म्हणणारा एक वासुदेव. सगळ्यांत जास्त टाळ्या त्याला मिळाल्या.

हे मी पाहिलं नाही. तिथे असलेल्या एका आईनं व्हिडिओ पाठवला, तो मी वाशीला ऑफिसच्या जिन्यात उभी राहून पाहिला. माझ्या ऑफिसात अर्ध्या दिवसाची रजा मिळते, आदल्या दिवशी कामाच्या वेळेत सांगितलं तर मिळते. रात्री दहा वीसला मी कुणाला सांगणार होते? या एका गोष्टीवर मला हसू आलं नाही, अजूनही येत नाही. मला त्याला पाहायचं होतं. तू सहा तास आधी आला असतास तर मी पहिल्या ओळीत बसले असते, दाढी माझ्या हातानं लावली असती.

व्हिडिओत तो म्हणतो, "मी वासुदेव बळवंत फडके. माझा जन्म ४ नोव्हेंबर १८४५ रोजी शिरढोणला झाला. मी इंग्रजांविरुद्ध बंड केलं. मी एडनच्या तुरुंगाचं दार उखडलं." इथपर्यंत चार ओळी संपल्या, पाठ करून घेतलेल्या. बाई टाळ्यांसाठी हात उचलतात. तर तो थांबतच नाही. "मला आईला बघायला रजा दिली नाही. माझ्या आईला पण आज रजा नाही. ती ट्रेनमध्ये आहे. माझी दाढी पण तिच्याकडे आहे."

सभागृह हसलं. बाईही हसल्या, आणि मग त्यांनी चष्मा काढून पुसला.

तर आता माझं म्हणणं ऐक. दुपारी चारच्या आत ये. चारला दुकानं उघडी असतात, टिळक रोडवर कागद, रिबिनी, लोकर सगळं मिळतं, आणि रजाही मागता येते. पुण्यतिथ्या, जयंत्या, सण यांची यादी जूनमध्येच दे. त्या तारखा बदलत नाहीत. काय आणायचं ते लिहितोस, तसं नाही मिळालं तर चालेल का, तेही लिही. मुलानं करायचं काम मुलाला करता येईल एवढंच असू दे. वाकडी दाढी त्याची असेल तर आम्ही ती फ्रेम करून लावू. आणि येशील तेव्हा दोघांच्या नावानं ये. 'प्रिय पालक' लिहिलंस की आमच्याकडे एकच फोन उचलला जातो. आईबाबा दोघांची नावं घाल, उत्तर दोघांकडून माग. माझ्या नवऱ्यानं काल रात्री दाढी डब्यात ठेवली, चुकीच्या डब्यात का होईना, पण ठेवली. त्याला सवय लागू शकते.

परवा शिवजयंती आहे. मावळे लागणार हे मला आत्ताच दिसतं आहे. फेटे कोणत्या रंगाचे, ढाली पुठ्ठ्याच्या चालतील की नाही, आणि पालकांनी किती वाजता यायचं, हे उद्या दुपारी चारच्या आत कळव.

तिसरी 'ब' मधल्या एका मुलाची आई,
नवीन पनवेल